तळघरातला उजेड

रंगदुरुस्तीच्या खोलीतल्या पडद्यावर तळघर लख्ख उजळलं आणि कॅमेरामन फोल्कमार टेश्नरच्या कपाळाची शीर तडतडली.

"हे काय आहे?"

टीव्हीवर रविवारी लागणाऱ्या गुन्हेपटातलं हे त्याचं दृश्य. एकाच दिव्याखाली आई बसलेली. ती कबुली देईपर्यंत तिचे डोळे दिसू नयेत म्हणून अख्खा दिवस झगडून त्याने तो अंधार बांधला होता. आता डोळे तर दिसत होतेच, मागच्या फळीवरच्या बरणीतल्या लोणच्याच्या काकड्याही मोजून घ्याव्यात अशा दिसत होत्या.

"प्रेक्षक तक्रार करतात, टेश्नरसाहेब," वाहिनीच्या हेल्वेगेबाई म्हणाल्या. "काही दिसत नाही म्हणून."

"कुठले प्रेक्षक? पिक्चर अजून लागायचाय!"

"मला दिसलं नाही."

"कुठे बघितलंत?"

"माझ्या केबिनमध्ये. टॅबलेटवर."

"त्या काचेच्या केबिनमध्ये, भर उन्हात? मग पडदे ओढायचे, बाई. माझा अंधार कशाला पुसलात?"

दिग्दर्शक उलरिश कॉफी ढवळत होता. वीस वर्षांचा दोस्त. पण भांडण पेटलं की त्याची साखर काही केल्या विरघळत नसे.

"उली, तुला माहीत होतं?"

"अरे, तू व्हिएन्नाला शूटिंगमध्ये होतास. म्हटलं, उगाच कशाला त्रास..."

"म्हणजे तू हो म्हणालास."

"थोडंसंच उजळलंय रे. निम्मं परत करू. काय बाई?"

बाईंनी मान डोलावली. निम्म्यावर त्या नेहमीच खूश असत.

"निम्मा अंधार म्हणजे संध्याकाळ!" फोल्कमार कडाडला. "ही बाई पोटच्या पोराचा खून कबूल करतेय, बाल्कनीत बसून हवा खात नाहीये! होतं तसं करा, नाहीतर पिक्चरच्या नामावलीतून माझं नाव काढा."

"काढू की. तुमचा हक्कच आहे तो."

वेटरने उष्टी बशी उचलावी, इतक्या सहज बाईंनी त्याचं तीस वर्षांचं नाव उचललं.

फोल्कमारने उलीकडे पाहिलं. उलीने एक शब्द काढला असता तर पुरला असता. उलीने आणखी साखर घेतली.

"काढाच," म्हणत फोल्कमारने दार आपटलं.

उली धापा टाकत गाडीपर्यंत आला. "डोकं शांत झालं की फोन कर. मार्चमध्ये र्‍यूगेन बेटावर पुढच्या शूटिंगला निघायचंय. तुझ्याशिवाय मला कुठे जमतं?"

"बाईंना ने. त्यांना सगळं स्वच्छ बघायचं असतं."

उली हसला. समोरचा हसत नाही हे लक्षात यायला त्याला जरा वेळ लागला.

"म्हणजे... खरंच येणार नाहीस?"

फोल्कमारने काच वर केली आणि गाडी सुरू केली. उली काचेवर टकटक करू लागला. आता त्याला पुष्कळ बोलायचं होतं.