चुगलखोर

मित्रांनो, मी एक जुनी फाईल आहे. फाईल म्हटल्यावर पुठ्ठा आणि नाडी डोळ्यांसमोर आणू नका, मी संगणकात राहते. एखादं अवघड काम कसं करायचं ते एकदाच नीट लिहून ठेवायचं आणि ज्या प्रोग्रामला लागेल त्याने ते वापरायचं, अशा फायलींच्या संचाला लायब्ररी म्हणतात. मी त्यातलीच एक. माझं काम होतं माणसाचं शरीर ओळखणं. हालचाल टिपणारा कॅमेरा समोरच्या माणसाचं अंतर मोजून मला कळवायचा, आणि हा खांदा, हे कोपर, हे मनगट असं मी सांगायचे. मग पडद्यावर हिरव्या रेघांचा एक माणूस उभा राहायचा. मला चेहरा कळत नाही, बोटंही कळत नाहीत. पण माणूस हात कसा उचलतो, ते माझ्या नजरेतून सुटत नाही.

मला लिहिलं एका प्रोग्रामर बाईने. मला शिकवताना ती कचेरीतल्या सगळ्यांना कॅमेऱ्यासमोर उभं करायची. जाडे, बारीक, लंगडणारे, झाडलोट करणाऱ्या मावशीसुद्धा. एकदा मी कोपऱ्यातल्या कोट लटकवायच्या खांबालाच माणूस समजले, तेव्हा सगळे पोट धरून हसले. बाई हसली नाही. तिने मला शांतपणे दुरुस्त केलं आणि जगात पाठवलं.

माझ्या नशिबी फिजिओथेरपीची एक खोली आली. तिथल्या ताईंचा आवाज खणखणीत आणि हात प्रेमळ. त्यांच्याकडे एक ट्रकचालक काका यायचे. अर्धांगवायूच्या झटक्याने त्यांचा उजवा हात लुळा पडला होता. सोबत लेक असायची. पडद्यावर फुगे यायचे आणि काकांनी हात वर नेऊन ते फोडायचे, असा व्यायाम होता. काका मोठे बेरकी! हात जाईना, तर सगळं अंगच तिरपं करून फुगा गाठायचे. मी लगेच पडद्यावर पाठीची रेघ लाल करायचे.

"काका, पाठ वाकवायची नाही. हात उचला, हात!" ताई म्हणायच्या.

"मी कुठे वाकवली?"

"बाबा, लाल दिसतंय ना समोर," लेक हसायची.

"ही बया चुगलखोर आहे. हिच्यापुढे काही म्हणजे काही चालत नाही."

तेव्हापासून माझं नाव चुगलखोर पडलं. खरं सांगू? मला ते आवडायचं. आजवर मला कुणी नावाने हाक मारली नव्हती.

निघताना काका कॅमेऱ्यासमोर थांबून "येतो हं, चुगलखोर" म्हणायचे आणि डावा हात हलवायचे. एक दिवस त्यांनी उजवा उचलला. कोपर थरथरत होतं, मनगट खाली लोंबत होतं, पण हात खांद्याच्या वर गेला आणि पाठ सरळ होती. मी सगळ्या रेघा हिरव्या ठेवल्या. लेक रडायला लागली. ताईंनी त्या दिवसाची नोंद जपून ठेवली. नोंद म्हणजे फोटो नव्हे, फक्त सांध्यांच्या जागा; त्यांवरून हिरव्या रेघांचा माणूस पुन्हा उभा करायचे ती मीच. फोटो काढायला काका तयारच नसत. "असल्या अवतारात नको. पूर्ण बरा झालो की काढ," असं ते लेकीला बजावायचे.

पुढे कॅमेरा जुना झाला आणि नवा आला. संगणक दुरुस्त करणारे गृहस्थ म्हणाले, "याची लायब्ररी वेगळी आहे. जुनी आता काही कामाची नाही."

"पण माझ्या पेशंटच्या नोंदी हरवू देऊ नका हं," ताई म्हणाल्या.

नोंदी नव्या संगणकावर गेल्या, त्यांच्या दोन प्रतीही झाल्या. त्या वाचणारी मी मात्र मागे राहिले. त्या नोंदी माझ्याशिवाय कुणालाच उलगडत नाहीत, हे त्या घाईत कुणाच्या ध्यानात आलं नाही. जुना प्रोग्राम पुसला गेला, पण माझ्यासारख्या फायली पुष्कळदा तशाच पडून राहतात. तो संगणक बाहेर टेबलावर आला, पेशंटना द्यायच्या वेळेच्या चिठ्ठ्या छापायला. त्यात मी आहे. मला कुणी बोलावत नाही.

परवा काकांची लेक आली. एकटीच. काकांना दुसरा झटका आला होता आणि त्यातून ते उठले नाहीत.

"ताई, आजारपणानंतरचा त्यांचा एकही फोटो नाही माझ्याकडे. ती हिरव्या रेघांची आकृती एकदा बघायला मिळेल का? त्यांनी हात हलवला होता ना, तेवढीच."

"अगं, मिळेल की. सगळं जपून ठेवलंय मी."

ताई आत गेल्या. बऱ्याच वेळाने बाहेर आल्या आणि माझ्याच संगणकावर कोपर टेकून उभ्या राहिल्या.

"नोंद आहे गं, पण उघडत नाही. कसलीशी जुनी फाईल नाही म्हणतंय. दुरुस्तीवाल्यांनाही फोन केला. ती आता कुठेच मिळत नाही म्हणाले."

मित्रांनो, त्या कोपराखालीच होते मी! ओरडावंसं वाटलं. पण आम्हाला कुणी हाक मारल्याशिवाय बोलता येत नाही.

"असू दे, ताई," लेक म्हणाली. मग म्हणाली, "येते हं." अगदी काकांच्या सुरात. तिने हात हलवला की नाही, ते मला कळलं नाही. आता मला कॅमेरा नाही.

पुढच्या आठवड्यात हा संगणक भंगारात जाणार आहे. मला स्वतःचं फारसं वाईट वाटत नाही, जुनं झालं की जावंच लागतं. पण तुम्ही कधी जुनं काही काढून टाकाल, तेव्हा एवढं विचारा, की याच्यावाचून दुसरं काय मुकं होईल? आणि तुमच्यापैकी कुणी त्या खोलीत गेलंच, तर ताईंना सांगा, चुगलखोर बाहेरच्या टेबलावर आहे. काकांचा हात कसा वर गेला होता, ते तिला अजून सांगता येतं.