सुपुष्ट पशुखाद्य, सहाशे चाळीस

सासूबाईंच्या कार्डाच्या स्टेटमेंटमध्ये तिसऱ्या ओळीत लिहिलं होतं: सुपुष्ट पशुखाद्य, सहाशे चाळीस.

आमच्या घरात पशू नाही. गॅलरीत मनीप्लांट आहे, पण त्यालाही आम्ही नुसतं पाणीच घालतो.

"आई, हे काय?" नवऱ्याने विचारलं.

"मला काय विचारतोस? मी काय पेंड खाते?"

हे आईंच्या आयुष्यातलं पहिलं कार्ड. सासरे होते तोवर त्या पैसे सासऱ्यांकडे मागायच्या, नंतर मुलाकडे. कार्ड आल्यापासून त्यांची चाल बदलली होती. कोथिंबिरीची जुडी आणायची असली तरी पर्स खांद्याला अडकवून निघायच्या. माझा नवरा हिशेब तपासनीस आहे. अट घातल्याशिवाय त्याच्या हातून काही सुटत नाही. कार्ड देताना त्याने बजावलं होतं की ते एक क्षणही नजरेआड करायचं नाही, आणि घोळ झाला तर कार्ड बंद.

चहा संपायच्या आत त्याने आईंच्या फोनवरून बँकेत तक्रार नोंदवलीसुद्धा. ही खरेदी आमची नाही, पैसे परत करा.

"आणि कार्ड?" आईंनी विचारलं.

"बंदच करून टाकू. मी रोख देत जाईन ना, लागतील तेवढे."

"लागतील तेवढे म्हणजे मागीन तेवढे."

"त्यात काय एवढं?"

आईंनी पर्स उचलून दारामागच्या खुंटीला लावली.

"संध्याकाळपर्यंत काही बंद करू नकोस," मी म्हणाले.

"शोध लाव तू," तो बूट घालता घालता म्हणाला, "पण कार्ड नजरेआड गेलेलं निघालं, तर माझा निर्णय पक्का."

मी पाणी तपासते. प्रयोगशाळेत नमुन्यात काही भलतंच सापडलं, तर ते पाण्यातून आलं की बाटलीतून, हे आधी बघावं लागतं. सुट्टीच्या दिवशीही ही सवय सुटत नाही. स्टेटमेंटमध्ये जे जास्तीचं दिसत होतं, त्याच्याकडे सगळे डोळे वटारून बघत होते. यात असायला हवं आणि नाही, असं काही आहे का, हे अजून कोणी पाहिलंच नव्हतं.

मी कागद उलटा ठेवला. "आई, महिन्याभरात कार्ड कुठे कुठे दिलंत? आठवेल तसं सांगा."

"औषधांच्या दुकानात. चपला घेतल्या तिथे. बेकरीत दोनदा... बरं, तीनदा. त्याला दोनदाच सांग. भाचीच्या बाळाला टोपडं घेतलं. आणि केस रंगवले."

मी कागद सुलटा करून खुणा करत गेले. बेकरी तीनदा निघाली. बाकी सगळं जागच्या जागी होतं.

"आई, केसांचे पैसे यात नाहीत."

"अगं बाई! म्हणजे तिने घेतलेच नाहीत? बिचारी! ऊठ, आत्ताच्या आत्ता देऊन येऊ."

"किती झाले होते?"

"मला काय माहीत? चष्मा काढलेला, गळ्याभोवती टॉवेल, डोक्यावर तो चिखल. तिने कार्ड मागितलं, मी दिलं. ती बाहेर गेली, आली, आकडे दाबायला मशीन पुढे धरलं..." आई थांबल्या.

"बाहेर? म्हणजे कार्ड नजरेआड?"

"अगं, चष्माच नव्हता. सगळं जगच नजरेआड होतं!" मग आवाज खाली आणून म्हणाल्या, "हे त्याला सांगू नकोस हं."

मला खोटं बोलता येत नाही, आणि हे त्यांना लग्नाच्या आठवड्यापासून ठाऊक आहे. त्यांनी सुस्कारा सोडला आणि खुंटीवरची पर्स काढली.

पार्लर दोन गल्ल्या पलीकडे होतं. पार्लरवाली कुणाच्या तरी केसांना चिमटे लावत होती. आईंचा प्रश्न ऐकून तिने कंगव्याने शेजारच्या दुकानाकडे बोट दाखवलं.

"माझं मशीन महिनाभर आजारी आहे हो, मावशी. मी काकांचं आणते."

शेजारी पोत्यांची थप्पी लागली होती आणि वर पाटी होती: सुपुष्ट पशुखाद्य. आत कोंड्याचा वास भरला होता. गल्ल्यावरच्या काकांच्या मिशांवरही थोडा कोंडा होता.

"अहो, अर्ध्या गल्लीचे केस माझ्या मशीनवर कापले जातात," ते म्हणाले. "संध्याकाळी हिचे पैसे हिला देऊन टाकतो. पण आज बँकेचा मेसेज आला. कोणीतरी म्हणतंय, आम्ही खाद्य घेतलंच नाही. मी म्हटलं, कोण हा लबाड?"

"मी," आई म्हणाल्या.

काकांनी आधी त्यांच्या चेहऱ्याकडे पाहिलं, मग केसांकडे. "रंग छान बसलाय."

तक्रार मागे घ्यायची तर फोन कार्डाच्या मालकिणीनेच करायला हवा होता. आईंनी काकांच्या स्टुलावर बैठक मारली आणि फोन लावला. पलीकडच्या मुलीचा आवाज आम्हा सगळ्यांना ऐकू येत होता.

"म्हणजे पशुखाद्य तुम्हीच घेतलं होतं?"

"नाही. मी केस रंगवले."

पलीकडची कीबोर्डची टकटक थांबली. "पशुखाद्याने?"

पार्लरवाली हसता हसता पोत्यावरच बसली. आईंनी न हसता सगळं समजावून सांगितलं, अगदी सुरुवातीपासून, चिखलासकट. तक्रार मागे घेतली गेली. फोन ठेवता ठेवता ती मुलगी म्हणाली, "आजी, असं दुसऱ्याचं मशीन वापरायचं नसतं, तेवढं त्यांना सांगा." काका छताकडे बघू लागले. पार्लरवालीने कानाची पाळी धरली आणि याच आठवड्यात मशीन दुरुस्त करून घ्यायचं कबूल केलं.

संध्याकाळी नवरा घरी आला, तेव्हा मला तोंड उघडावंच लागलं नाही. आईंनीच सगळं सांगून टाकलं.

"म्हणजे कार्ड नजरेआड गेलं होतं," तो म्हणाला.

"गेलं होतं. चूक माझी. आता तुझं दाखव."

"माझं काय?"

"स्टेटमेंट. नियम घराला एकच असतो ना?"

तो हसला आणि मोबाइल त्यांच्या हातात देऊन हात धुवायला गेला. आईंनी चष्मा पुसला आणि पहिल्या ओळीपासून बोट फिरवत वाचायला लागल्या. तो परत येईपर्यंत बोट थांबलेलं होतं.

"निद्रासागर कोण रे?"

"असेल काहीतरी."

"गेल्या महिन्यातही आहे. त्याच्या आधीच्याही."

तो वाकून बघायला लागला आणि त्याचे कान लाल झाले. झोप यावी म्हणून लाटांचा आवाज ऐकवणारं ते ॲप होतं. "पहिला महिना फुकट होता," तो पुटपुटला.

"आणि पुढचं अख्खं वर्ष? अरे, तुला झोपायला सागर कशाला हवा? तू तर वरण ओतेपर्यंत पेंगतोस!"

मी ओढणी तोंडाला लावली. दुसऱ्यांचे हिशेब तपासणारा माणूस, आणि दिव्याखाली हा एवढा अंधार.

"मग," आई चष्म्यावरून बघत म्हणाल्या, "बंद करून टाकू तुझं कार्ड? मी रोख देत जाईन ना, लागतील तेवढे."

तो असा खदखदून हसला, की गेल्या कित्येक महिन्यांत मी त्याला तसं हसताना पाहिलं नव्हतं. आईंची पर्स खुर्चीवर पडली होती. ती उचलून त्याने स्वतःच्या हाताने त्यांच्या खांद्याला अडकवली, आणि मग आईंच्या शेजारी बसून, त्या सांगतील तसं, निद्रासागराविरुद्ध तक्रार लिहायला घेतली.

आता घरातली सगळी स्टेटमेंटं आई वाचतात, बेकरीतली खारी खात. पुढच्या महिन्यात केसांचे पैसे पार्लरच्याच नावावर आले. पण त्याच्या खाली पुन्हा एक ओळ होती: सुपुष्ट पशुखाद्य, साठ.

"आई, आता हे काय?" नवऱ्याने धास्तावून विचारलं.

"पशुखाद्य," आई म्हणाल्या आणि त्यांनी गॅलरीकडे बोट केलं.

मनीप्लांटच्या कुंडीशेजारी बशीभर बाजरी ठेवली होती, आणि दोन चिमण्या तिच्यावरून जोरजोरात भांडत होत्या.