तीस सेकंदांची शांतता

हॉस्पिटलचा फोन आला तेव्हा संकलक कात्री संगणकाच्या पडद्यावर एका केव्हाच मेलेल्या बाईला चालवत होता. पुढे, मागे, पुन्हा पुढे. कुठल्याशा रुग्णालयाने सत्तर वर्षांपूर्वी डॉक्टरांना शिकवायला काढलेली ती चित्रफीत. बाई लंगडत चार पावलं टाकायची, कॅमेऱ्याकडे बघायची आणि तोंडावर हात ठेवायची. नर्स म्हणाली, "लगेच या." तिच्या आवाजावरूनच त्याला कळलं, बायको गेली. संगणक बंद करायचंही भान राहिलं नाही. संध्याकाळी परतला, तर ती बाई तोंडावर हात ठेवून तशीच उभी.

सिनेमावाले त्याला कात्री म्हणत. पंधरा वर्षं तो असलंच अंगावर येणारं जुनं फुटेज कापून-जोडून सिनेमे करत होता. मोठी थिएटरं त्याला दारात उभं करत नसत, पण लहान हॉलमध्ये वेडे लोक दाटीवाटीने बसत. ते यायचे बायकोच्या निवेदनासाठी. पडद्यावरच्या परक्या माणसांविषयी ती घरच्यासारखं बोलायची. एका जुन्या सिनेमात ती म्हणाली होती, "ही हसतेय की रडतेय, कळत नाही. माझी आईही असाच हात धरायची."

या सिनेमाच्या चार रिळांपैकी तीन तिची बोलून झाली होती; लंगडणारी बाई चौथ्यात होती.

महिन्याभराने मेहुणी डबा घेऊन आली. तो या खोलीतून त्या खोलीत फिरत होता. चहा ठेवायचा, विसरायचा, पुन्हा ठेवायचा.

"बसा हो भावोजी, मला गरगरायला लागलं."

त्याने तिच्या कानाला हेडफोन लावले. "चौथं रीळ जमलं. ऐक."

"काहीच नाहीये यात."

"खोलीची शांतता आहे. बोलून झालं की तीस सेकंद गप्प बसून नुसती खोली रेकॉर्ड करतो. बोलण्यामधल्या फटी बुजवायला लागते."

मेहुणी ऐकत राहिली. मग हळूच म्हणाली, "ताई श्वास घेतेय."

"नऊ वेळा. मी ओरडायचो, श्वास धर जरा. म्हणायची, तीस सेकंद? मरेन मी." त्याने आवाज जरा वाढवला. "शेवटी पोटही गुरगुरतं. जेवायला उशीर केला होता मी."

मेहुणी हसली, आणि हसता हसताच डोळे पुसू लागली. "हे हॉलभर लोकांना ऐकवणार?"

तो उठून खिडकीशी गेला. बायको प्रत्येक फुटेजच्या वेळी विचारायची, हिच्या घरच्यांना विचारलंस का? तो म्हणायचा, कुणाला विचारू, यांची नावं तरी कुठे माहीत आहेत? पंधरा वर्षं त्याचं तेवढ्यावर भागलं होतं.

"तू तिच्या घरचीच आहेस. हो म्हण."

"मी नाही म्हणते," मेहुणी म्हणाली. "तिला बोलायचं होतं त्यात. नुसता श्वास नव्हता द्यायचा. आणि डबा जेवा, मला परत हवाय."

ती गेल्यावर त्याने तो तुकडा रिळावरून काढला. माईक ओढला. बाई चार पावलं चालली, तिने बघितलं, तोंडावर हात ठेवला. "ही बाई," तो म्हणाला, आणि उठला. परत बसला. "ही बाई..."

डबा धुऊन परत गेला. चौथ्या रिळाचं निवेदन अजून व्हायचं आहे.