अडीनडीचं माणूस

नरहरी देवतळे सर समाजशास्त्राचे. नागपूरहून भिलाईला अभ्यासाला आले ते निष्कर्ष मनात पक्का करूनच: कारखान्याच्या वसाहतीत माणूस माणसाला ओळखत नाही. आमच्या क्वार्टरांच्या लाइनीत घरोघर चहा पीत त्यांनी एकच प्रश्न विचारला, "अडीनडीला तुम्ही हाक कोणाला मारता?"

आम्ही त्यांची पार निराशा केली. "सिंधुताईले," भैयालाल म्हणाला. त्याची बायको मथुरा बाळंत झाली तेव्हा दवाखान्यात सिंधुताईच राहिल्या होत्या. शेषरावांनी तेच नाव घेतलं, तेलुगू शेजाऱ्यांनीही तेच. सरांनी निष्कर्ष फिरवला. असा जिवाभावाचा शेजार म्हणे खेड्यातही उरला नाही. आम्हीही जरा फुशारलो. आपण इतके चांगले आहोत हे तोवर कोणी सांगितलंच नव्हतं.

सिंधुताई विधवा, मूलबाळ नाही, नवऱ्याच्या जागेवर प्लांटात लागलेल्या. त्यांना तो प्रश्न विचारायचं मात्र सरांना सुचलं नाही.

पुढे सरांचा मुक्काम असतानाच स्कूटरच्या धडकेनं सिंधुताईंचा पाय मोडला. भेटायच्या वेळेला सरांसकट अख्खी लाइन दवाखान्यात लोटली. खाटेखाली मोसंब्यांचा ढीग झाला. नर्सनं विचारलं, "रात में कौन रुकेगा? लेडीज चाहिए." बायका एकमेकींकडे बघू लागल्या. मथुरेचं बाळ अंगावर पिणारं, हिराच्या नवऱ्याची फर्स्ट शिफ्ट म्हणून पहाटे डबा, माझ्या बायकोला दवाखान्याच्या वासानं मळमळतं. कारणं सगळी खरी होती, हेच वाईट.

सर चिडले. "अहो, अशा वेळी तुम्ही एरवी करता काय?"

"आमी तं सिंधुताईलेच बोलावतो, सर," मथुरा म्हणाली. ती रडकुंडीला आली होती. तेवढ्यात भेटायची वेळ संपली आणि आम्ही सुटलो.

दुसऱ्या दिवशी सरांबरोबर मीही गेलो. "रात्री कोण होतं?" सरांनी विचारलं.

"कोनी नाही. पान्याचा तांब्या तिकडं होता, हात पुरला नाही." मला मान वर करवेना. आमचे चेहरे पाहून सिंधुताई घाईघाईनं म्हणाल्या, "पन हे लिहू नका, सर. लोकाइले वाईट वाटन."

सरांनी त्यांचं ऐकलं, मीही लाइनीत कोणाला बोललो नाही. भोपाळच्या परिषदेत आमची लाइन आदर्श शेजार म्हणून गाजली, आणि वाईट कोणालाच वाटलेलं नाही.