वरचं बटण

"वाल्दो, हात चालव की! माझं तेल तापलंय," चौकात आकाराजेचे वडे तळणारी झुल्मिरा मागून ओरडली. "मुलगी आहे तुझी, नवरी नाही. लाजतोस काय एवढा?"

चौकात हशा पिकला. वाल्दोमिरोही हसल्यासारखं करून खुर्चीवर बसलेल्या जासिराजवळ सरकला.

जासिराने मोलकरणीचा निळा गणवेश घातला होता, गळ्यापर्यंत बटणं लावलेला. आत येमांजा देवीची माळ होती. पायाशी पाटी होती : 'बटण काढा. माळ बाहेर घ्या.' जासिराचा भर चौकातला नाट्यप्रयोग एवढाच : येईल त्याने पाटीप्रमाणे करायचं. वरच्या वस्तीतलं ओरिशा देवतांचं देवघर कुणीतरी फोडलं, तेव्हापासून बायका बसमध्ये माळा झाकू लागल्या होत्या. पहिला मान जासिराने बापाला दिला होता.

"तुम्ही नाही आलात, तर मी बसणारच नाही," असं तिने बजावलं होतं.

त्याच्या बायकोचा, एदिनाल्वाचा गणवेश असाच होता. तिला जाऊन वर्ष होत आलं. एकाच इमारतीत ती सातव्या मजल्यावर स्वयंपाकाला, तो खाली दरवान. नोकरी त्यानेच लावून दिलेली. मालकिणीला 'असली भुताटकी' खपत नसे. म्हणून रोज सकाळी नोकरांच्या लिफ्टमध्ये तो बायकोची पिवळी माळ आत सारायचा आणि वरचं बटण लावायचा.

"पोटाचा प्रश्न आहे गं," म्हणायचा.

ती मान वर करून लिफ्टच्या दिव्याकडे बघत राहायची.

ती गेल्यावर रीतीप्रमाणे माळ नदीत सोडली. आता बाहेर काढायची म्हटलं तरी उरली नव्हती. निदान लेकीची तरी आपल्या हाताने काढावी, म्हणून तो पांढरा सदरा इस्त्री करून, घालून आला होता.

त्याने बटण काढलं. माळ बाहेर घेतली. उन्हात मणी चमकले. जासिराने मान वर केली.

पुढचं हातांनी आपोआप केलं. दोन बोटांनी माळ आत सारली, बटण लावलं, कॉलर दाबून बसवली. बोटांखाली लेकीने आवंढा गिळला, तेव्हा कुठे त्याच्या ध्यानात आलं.

टाळ्या पडल्या.

"वा! काय काम केलंय म्हाताऱ्याने," कुणीतरी म्हणालं.

"जासी, मी... मी काढायलाच आलो होतो."

"माहितीय, बाबा."

"ते लिफ्टमधलं... तुला आठवतं?"

"दप्तर घेऊन तुमच्या दोघांच्या मध्येच उभी असायचे ना मी."

आवाजात राग नव्हता. असता, तर सोसायला सोपं गेलं असतं. त्याने झुल्मिराकडे पाहिलं. ती हसायची थांबली होती.

"सरकता का जरा, काका?"

रांगेतली दुसरी, कुणी अनोळखी चष्मेवाली बाई पुढे आली. तिने बटण काढलं, माळ बाहेर ओढली, छातीवर नीट बसवली आणि पिशवी सावरत निघूनही गेली.

एवढंच होतं ते.

जासिराने पुढच्या माणसासाठी माळ आत सारून बटण पुन्हा लावून घेतलं. वाल्दोमिरोने टोपी काढून कपाळावरचा घाम पुसला. घराकडची चढण समोरच होती. तो तिकडे न वळता रांगेच्या शेवटी जाऊन उभा राहिला.