घागरीत राहिलेले गाव

मित्रांनो, ज्याच्या काचेच्या नळीत पारा चढतो आणि उतरतो, तो जुना रक्तदाबमापक म्हणजे मी. पुस्तकात माझे नाव असे भारदस्त असले तरी लोक मला बीपीचे मशीनच म्हणत. आज मी नाशिकमधल्या एका रुग्णालयाच्या अडगळीच्या खोलीत पडून आहे. पारा विषारी असतो, नळी फुटली तर धोका, म्हणून मला वापरातून काढले. ते योग्यच झाले. त्याबद्दल माझी तक्रार नाही. मला सांगायचे आहे ते चिमणाबाई आणि देवराम यांच्याबद्दल.

माझा जन्म एका कारखान्यात झाला. लोखंडी पेटीत नळी बसवली, दंडाला बांधायचा कापडी पट्टा जोडला, हवा भरायला रबरी फुगा लावला. शेवटी कारागिराने पारा बरोबर शून्यावर आणला. तेव्हा मला वाटले, आपले काम किती सोपे आहे! जे खरे असेल ते दाखवायचे, बस्स.

१९९४ साली मी नाशिकला आलो. तिथे डॉक्टर मोहिनी खैरनार यांच्या टेबलावर मला जागा मिळाली. मोहिनीबाई तेव्हा तरुण होत्या. त्या एका नव्या गोळीचा अभ्यास करत होत्या. ती गोळी वाढलेला रक्तदाब खाली आणते का, हे त्यांना तपासायचे होते. त्यासाठी निवडलेल्या रुग्णांचे दोन गट चिठ्ठ्या टाकून केले जात. एका गटाला नवी गोळी आणि दुसऱ्या गटाला तशीच दिसणारी जुनी गोळी मिळे. कोणाला कोणती मिळाली हे रुग्णाला ठाऊक नसे आणि बाईंनाही नसे. त्यामुळे कोणाच्या मनातल्या आशेचा परिणाम मोजमापावर होत नसे. उरायचा तो फक्त माझा पारा.

पण या अभ्यासाला नियम फार कडक होते. रुग्णाला दुसरा कोणताही आजार नको. त्याने ठरल्या दिवशी न चुकता यायला हवे. वत्सलाबाई नावाच्या परिचारिका प्रत्येकाची चौकशी करत आणि नियमात न बसणाऱ्याला हळू आवाजात समजावून परत पाठवत.

एके दिवशी सुरगाण्याकडच्या डोंगरातून चिमणाबाई आली. सोबत तिचा नवरा देवराम होता. पट्टा बांधून हवा भरली आणि माझा पारा एवढा वर गेला की वत्सलाबाईंनी पुन्हा एकदा मोजले.

"मला डोकं बी दुखत नाय," चिमणाबाई हसून म्हणाली. "तुमचं मशीन खोटं बोलत असंल."

"मशीन खरं बोलतंय, चिमणाबाई," मोहिनीबाई म्हणाल्या. "दुखत नाही हेच वाईट. त्यामुळे माणूस गाफील राहतो."

"मग ती नवी गोळी मलाबी द्या."

वत्सलाबाईंनी विचारले, "दर पंधरा दिवसांनी इथं यायला जमेल का?"

देवराम म्हणाला, "दिवाळी झाली का आम्ही द्राक्षाच्या कामाला जातो, बाई. मालक सोडील तसं येऊ."

शिवाय तपासणीत चिमणाबाईला साखरेचा आजारही निघाला. मोहिनीबाईंनी तिला जवळ बसवून समजावले, "ही गोळी खरंच गुणाची आहे का, हे आधी नीट कळायला हवं. त्यासाठी दुसरा आजार नसलेली, वेळेवर येणारी माणसंच घ्यावी लागतात. नाहीतर फरक कशामुळे पडला ते सांगता येत नाही. तुम्हाला मी जुनी गोळी देते. तीही चांगली आहे. संपली की तुमच्याकडच्या आरोग्य केंद्रातून घ्या. बंद मात्र करू नका."

चिमणाबाईने मान डोलावली. दारापर्यंत गेली आणि वळून म्हणाली, "म्हंजी मी धडधाकट असते तर मला घेतलं असतं."

मोहिनीबाईंनी पुढच्या रुग्णाचा कागद उचलला.

तो अभ्यास फार यशस्वी झाला. शेवटी गटांच्या याद्या उघडल्या तेव्हा दिसले, नव्या गोळीच्या गटातल्या माणसांचा पारा जुन्या गोळीवाल्यांपेक्षा जास्त खाली आला होता. मोठ्या सभेत बाईंचे कौतुक झाले. वत्सलाबाईंनी दसऱ्याला मला झेंडूचा हार घातला. मित्रांनो, तेव्हा मीही सुखावलो होतो.

वर्षे गेली. ती नवी गोळी स्वस्त झाली, दुकानादुकानांत मिळू लागली. २००१ च्या उन्हाळ्यात सुरगाण्याकडे तपासणी शिबिर होते. मोहिनीबाई आणि वत्सलाबाई मला जीपमध्ये घालून घेऊन गेल्या. आश्रमशाळेच्या व्हरांड्यात रांग लागली होती. रांगेबाहेर एक माणूस उभा होता. त्याने बाईंना ओळखले.

"मी देवराम," तो म्हणाला. "चिमणीला तुमच्याकडं आणलं होतं. आता तिला आणता येत नाय. तुम्हीच चला."

आम्ही त्याच्या घरी गेलो. चिमणाबाई भिंतीकडेला गोधडीवर पडली होती. वाढलेल्या रक्तदाबाने तिच्या उजव्या अंगावरून वारे गेले होते. तोंड वाकडे झाले होते आणि शब्द फुटत नव्हता. देवराम तिला नागलीची आंबील चमच्याने भरवी, ओघळलेली तिच्याच पदराने पुसून घेई.

"गोळ्या बंद केल्या होत्या का?" बाईंनी विचारले.

"कामावर असताना संपल्या. केंद्र इथून अर्ध्या दिवसाच्या वाटेवर. गेलो का मजुरी बुडाली. हिला काय दुखत बी नव्हतं, म्हणून राहून गेलं." मग तो म्हणाला, "औषध हाय, बाई. पण ते नाशकात हाय."

बाईंनी चिमणाबाईच्या डाव्या दंडाला पट्टा बांधला. मित्रांनो, त्या दिवशी मला वाटले, आपला पारा खाली राहावा. पण तो राहिला नाही. बाईंनी गोळ्या दिल्या आणि पुढच्याही पाठवत राहिल्या. तरी भाताची लावणी संपायच्या आत चिमणाबाई गेली.

ती बातमी आली तेव्हा मोहिनीबाईंनी पहिल्या अभ्यासाचे कागद बाहेर काढले. मग म्हणाल्या, "वत्सलाबाई, ही गोळी काम करू शकते का, एवढंच आपण विचारलं. चिमणाबाईच्या घरी ती काम करते का, हे विचारलंच नाही."

त्यातून दुसरा अभ्यास उभा राहिला. या वेळी कोणाला परत पाठवायचे नाही असे ठरले. म्हातारे, साखरवाले, कामासाठी गाव सोडणारे, विसरणारे, दारू पिणारे, सगळे घ्यायचे. काही गावांत आरोग्यसेविका घरी जाऊन गोळी देणार आणि कामावर जाणाऱ्यांना आगाऊ गोळ्या बांधून देणार. बाकीच्या गावांत नेहमीसारखे केंद्रावर जाऊन औषध आणायचे. शेवटी दोन्हींकडची स्थिती ताडून पाहायची. कोणती गावे कोणत्या गटात, ते मात्र चिठ्ठ्या ठरवणार.

सगळ्या गावांची माणसे जमली. गावांच्या नावांच्या चिठ्ठ्या एका पितळी घागरीत टाकल्या. अर्ध्या चिठ्ठ्या काढायच्या होत्या आणि ज्यांचे नाव येईल त्या गावांना घरपोच गोळी मिळणार होती. चिठ्ठ्या काढायला सर्वांनी मिळून देवरामला पुढे केले. सगळ्यांचा त्याच्यावर विश्वास होता. तो एकेक चिठ्ठी काढी आणि वत्सलाबाई नाव वाचत. प्रत्येक नावाला तो घागरीत जरा जास्त खोल हात घाली. शेवटची चिठ्ठी निघाली. त्याचे गाव घागरीतच राहिले.

सभा पांगल्यावर तो बाईंकडे आला. "गोळी चांगली हाय, हे तुम्हीच सांगता. मग आमच्या गावाला का नाय?"

"गोळी चांगली आहे," बाई म्हणाल्या. "पण घरी नेऊन दिली तर माणसं ती घेतात का, त्यानं वारं जायचं कमी होतं का, हे मला अजून माहीत नाही. ते दाखवल्याशिवाय सगळ्या गावांसाठी सेविका कोणी देणार नाही. तोवर तुमच्या गावाला आता जे मिळतं ते मिळत राहील."

"आता काय मिळतं ते मी पाहिलं," देवराम म्हणाला आणि निघून गेला. गावात सगळ्यांचा रक्तदाब मोजला त्या दिवशी तो आलाच नाही.

अभ्यास बरीच वर्षे चालला. घरी दिलेल्या गोळ्याही कित्येकांनी चुकवल्या. कोणी शेजाऱ्याला दिल्या, कोणाच्या पावसात भिजल्या. देवरामच्या शेजारच्या कुसाबाईच्या अंगावरून त्याच काळात वारे गेले. तिचे गाव घागरीत राहिलेले. मोहिनीबाई त्या दिवशी जेवल्या नाहीत.

अखेर हिशेब लागला. घरपोच गोळीच्या गावांत पारा खाली आला होता, पण पहिल्या अभ्यासाइतका नाही. वारे जाण्याचे प्रमाण मात्र कमी झाले होते. सभेत एक मोठे डॉक्टर म्हणाले, "आधी केवढा परिणाम होता तुमचा! आता एवढासाच?" बाई म्हणाल्या, "तेव्हा निवडलेली माणसं होती, सर. आता सगळी आहेत." या वेळी टाळ्या थोड्याच वाजल्या. पण त्या एवढ्याशा परिणामामुळेच उरलेल्या गावांनाही सेविका मिळाल्या.

हे सांगायला बाई स्वतः देवरामकडे गेल्या. माझ्या पट्ट्याचे कापड तेव्हा विरले होते. देवराम आता वाकला होता. त्याने सगळे ऐकून घेतले. बाईंना वाटले, तो चिमणाबाईबद्दल काही बोलेल. त्याने फक्त सदऱ्याची बाही वर सरकवली आणि हात पुढे केला.

पारा चढत गेला. बाईंनी पट्टा सोडला तरी त्या नळीकडेच पाहत होत्या.

"लय हाय का?" त्याने विचारले.

"हो."

"मग द्या."

त्याने तांब्यातल्या पाण्याबरोबर गोळी गिळली.

मित्रांनो, उद्या तुमच्यातले कोणी डॉक्टर होतील, कोणी औषधे शोधतील. शोध नीट लागावा म्हणून काही माणसांना दारातून परत पाठवावे लागेल. तो नियम असेल, त्यात तुमचा दोष नसेल. पण त्या माणसांचे गाव लक्षात ठेवा आणि काम झाले की त्यांच्याकडे जा. लवकर जा. चिमणाबाईकडे जायला आम्हाला फार उशीर झाला.