पडद्यावरचे मोकळे केस

बासष्ट सालची गोष्ट. बास्कल गावच्या क्लबात दुपारी सिनेमा लागणार होता आणि सनुबर सकाळपासून घरात येरझाऱ्या घालत होती. कारण त्या सिनेमात ती होती, आणि गावाला त्याचा पत्ता नव्हता.

बाकूला नर्सिंग शिकताना शूटिंगवाल्यांनी तिला रस्त्यातच हेरलं. काम चिमूटभर: समुद्रकाठी मोकळ्या केसांनी, एका तरुणाचा हात धरून हसत जायचं. तेव्हा गंमत वाटली. आपल्या आडगावात कुठला सिनेमा यायला! तर आला की.

सकाळी तिनं आईला सगळं सांगून टाकलं. आई, तुकेझबान, द्राक्षाच्या पानांत खिमा गुंडाळत होती.

"आई, बाबांना घरीच थांबव गं. मारून टाकतील मला."

"तुझ्या बापाला मी आजवर कधी थांबवलंय?" आई मान वर न करता म्हणाली.

हॉलमध्ये बाप, हम्झा, मधोमध बसला, आई मागच्या रांगेत. सनुबर दाराशी, पळायला बरं म्हणून. दिवे मालवले. पडद्यावर बाई दिसली की ती दाराची कडी चाचपायची. शेवटी तीच आली, भिंतीएवढी, दात काढून हसत.

"अगंबाई, ही तर हम्झाची सनू!" शेजारची झिवर मावशी ओरडली.

"वा हम्झा, पोरीनं जावई परस्परच शोधला की रे!" मागून कुणीतरी म्हणालं. हॉल खो खो हसला.

हम्झा उठला. खुर्च्या ढकलत तो दाराकडे आला, पण सनुबर पळाली नाही, दाराला पाठ लावून उभी राहिली.

"तुला जिवंत ठेवली तर नावाचा हम्झा नाही!" त्यानं हात उगारला.

तेवढ्यात दोघांच्या मध्ये रेशमी रुमाल येऊन पडला. तुकेझबाननं डोक्यावरचा काढून फेकला होता. बाईनं रुमाल टाकला की आमच्याकडे उगारलेला हात खाली यावाच लागतो. तो ओलांडणाऱ्याला गाव माणसांत धरत नाही.

जिचा अंबाडाही परक्यानं पाहिला नव्हता, ती बाई पिकल्या केसांनी भरल्या हॉलमध्ये उभी होती. 

"पोरीचे केस बघितलेत ना? आता माझेही बघा."

हम्झानं वाकून रुमाल उचलला, झटकला, बायकोपुढे धरला. तिनं घेतला नाही.

"आधी तिला शेजारी बसवून घ्या. सिनेमा संपला की झाकीन डोकं."

सनुबर बापाशेजारी बसली. भीती गेली नव्हती. फक्त आता ती उघड्या डोक्यानं उभ्या असलेल्या आईसाठी वाटत होती.